पोडीची पुडी

माझा स्वभाव संशयी आहे, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. दूधवाल्यानं माप जरा तिरकं धरलं तरी मला दिसतं. नवरा फोनवर ‘सगळं मजेत’ म्हणाला की मी विचारते, ‘का, काय झालं?’ त्यामुळे पलूसला परत आल्यावर शेजारणीकडून माझा डबा पहिल्यांदा परत आला आणि त्यात नुसती साखर निघाली, तेव्हा माझ्या मनात पाल चुकचुकली ती चुकचुकलीच.

आता इकडं शेजारणीचं भांडं रिकामं परत करत नाहीत. वाटीभर आमटी, दोन धपाटी, झाडाची चार लिंबं, जे असेल ते घालून देतात. घरात अगदीच काही नसलं तर मूठभर साखर. म्हणजे साखरेत वाईट काही नाही. पण एकदा साखर, परत साखर, त्याच्यानंतरही साखरच? त्या बाईच्या घरात रोज झणझणीत कालवण शिजतं, वास माझ्या खिडकीतून आत येतो, आणि माझ्या डब्यात मात्र साखर. मला वाटलं, ही बाई मला गोडीगोडीत लांब ठेवतेय.

आमच्या भागात सोनं-चांदी गाळायचा धंदा करणारी बरीच घरं आहेत. त्या धंद्यापायी माणसं देशात कुठंकुठं जाऊन राहतात. मी लग्न झाल्या झाल्या त्रिशूरला गेले, थेट केरळात. खाली नवऱ्याचं दुकान, वर आम्ही. तिथं शेजारच्या बाईनं मला तांदळाच्या पिठाचं वाफवलेलं पुट्टू शिकवलं, नारळातल्या भाज्यांचं अवियल शिकवलं, मी तिला थालीपीठ शिकवलं. ना तिला माझी भाषा येत होती, ना मला तिची. पण ‘अजून जरा भाज’ हे हातानं सांगता येतं. ती माझ्या थालीपिठावर नारळाची चटणी घेऊन खायची आणि मी तिच्या इडलीबरोबर ठेचा. आमची मुलगी तिथंच जन्मली आणि दोन्ही घरांत जेवून मोठी झाली. ती चौथीत गेली तेव्हा नवरा म्हणाला, पोरीला मराठी नीट आली पाहिजे, तू तिला घेऊन गावाकडं राहा, मी येऊन-जाऊन असेन. मला तर हेसुद्धा संशयास्पदच वाटलं होतं, पण ते जाऊ दे.

तर पलूसला आम्ही दोघी मायलेकी भाड्याच्या घरात राहायला आलो. शेजाऱ्यांची आणि आमची भिंत एकच. त्यांची द्राक्षबाग आहे, त्यामुळे नवरा कायम रानात. बाई माझ्याच वयाची, कामाला वाघीण, बोलायला फटकळ. तिची मुलगी माझ्या मुलीच्याच वर्गात होती. पोरींचं चार दिवसांत इतकं जुळलं की शाळेला जाताना एकत्र, येताना एकत्र. माझी पोर मराठी बोलताना अडखळायची, ‘ळ’ सोडून बाकी सगळ्या अक्षरांची वाट लावायची, पण त्या पोरीला तिचं बोलणं कळायचं. मला एवढंच हवं होतं. बाकी गाव गेलं खड्ड्यात, माझ्या पोरीला एक मैत्रीण मिळाली होती.

एका रविवारी ती मैत्रीण आमच्याकडं जेवली. इडल्या केल्या होत्या. वर पोडी घातली आणि खोबरेल तेल. पोडी म्हणजे डाळी, मिरच्या, तीळ भाजून वाटलेली कोरडी पूड. खोबरेल बघून पोर ओरडली, ‘काकू, ह्ये तर डोक्याला लावायचं त्याल हाय!’ मग हसत हसत दोन इडल्या, मग अजून दोन. जाताना मी डबाभर इडल्या आणि वाटीत पोडी तिच्या आईसाठी दिली. तोच डबा साखर घेऊन परत आला.

दुसऱ्या दिवसापासून ती पोर शाळेत दिसेना. ताप आला होता, असं कळलं. मी पेज करून पाठवली, तो डबाही साखर घेऊन आला. पोर बरी झाली, पण आमच्याकडं यायची बंद झाली. शाळेला जाताना दाराशी हाक मारायची, तीही बंद. मी अवियल पाठवून बघितलं, गोड पायसम पाठवून बघितलं. दर वेळी डबा घासून लख्ख आणि आत साखर. कुठंतरी पाणी मुरत होतं.

मी काय काय शंका घेतल्या, सांगायला लाज वाटते. आधी वाटलं, त्यांना वाटत असेल आम्ही तिकडं मासे खातो, त्याच भांड्यात हे रांधलंय. मग वाटलं, खोबरेलामुळं. मग वाटलं, नवरा जवळ नसलेली बाई म्हणून लांब ठेवतायत. मग एक दिवस तिच्या म्हशीपुढच्या घमेल्यात मला पांढरं काहीतरी दिसलं आणि माझं डोकंच सटकलं. माझ्या इडल्या म्हशीला? मी खिडकीतून मान लांब करकरून बघितलं. ते सरकीच्या पेंडीवर टाकलेलं मीठ होतं. म्हैस माझ्याकडं बघत होती.

इकडं माझी पोर दिवसेंदिवस गप्प व्हायला लागली. डबा भरून नेलेला तसाच परत आणायची. ‘का गं, खाल्लं का नाहीस?’ विचारलं की ‘भूक नव्हती.’ पोरीला भूक नव्हती हे मी मान्य करीन होय? एका दुपारी मी शाळेच्या कुंपणाशी जाऊन उभी राहिले. सगळ्या पोरी पिंपळाच्या पारावर गोल करून बसल्या होत्या, एकमेकींच्या डब्यात हात घालत होत्या. माझी पोर नळाजवळ एकटी, मांडीवर बंद डबा. तिची मैत्रीण त्या गोलात होती आणि सारखी मान वळवून हिच्याकडं बघत होती. मला रडू आलं नाही, संताप आला.

आणि मग तिठ्यावर मला माझ्या इडल्या सापडल्या.

त्या दिवशी सकाळीच मी शेजारणीकडं इडल्यांचा डबा दिला होता, आणि दुपारी भाजी आणायला निघाले होते. आमच्या गल्लीच्या तोंडाशी तीन रस्ते मिळतात. तिथं पत्रावळीवर माझ्या इडल्या ठेवलेल्या, वर हळद-कुंकू, बाजूला चिरलेलं लिंबू. माझ्या इडल्या मी ओळखणार नाही तर कोण? माझ्या इडलीपात्रातल्या एका वाटीचा काठ दबलाय, तिच्यातल्या इडलीला कायम एका बाजूला चपटी खूण येते. मीही याच भागातली लेक आहे. तिठ्यावर लिंबू-कुंकू घालून अन्न का ठेवतात, हे मला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. माणसावरून ओवाळून टाकलेला तो उतारा होता. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. म्हणजे या बाईला वाटतंय, मी तिच्या पोरीला काहीतरी केलंय!

घरी येऊन पोरीला समोर बसवलं. ‘तू त्यांच्याकडं काय बोललीस?’ काही नाही म्हणाली. मी सोडते होय? शेवटी मुळुमुळु रडत बोलली. त्या रविवारी मैत्रिणीच्या आईनं हिला विचारलं होतं, इडलीवर काय घातलंय. आणि ही म्हणाली होती, ‘आईनं घरी केलेली पुडी. ती खाल्ली की माणूस सारखं सारखं आमच्याकडंच येतं.’

मी कपाळावर हात मारून घेतला. तिला पोडी म्हणायचं होतं. तिचा ‘ओ’ घाईत ‘उ’ होतो. पण इकडं ‘पुडी’ म्हटलं की बायकांच्या डोळ्यांपुढं काय येतं? कुणीतरी मंतरून दिलेली, जेवणात कालवून चारायची पुडी. त्यात आम्ही आलो केरळातून. इकडच्या माणसांना पक्कं ठाऊक असतं की केरळात प्रत्येक घरामागं एक मांत्रिक बसलेला असतो. त्यात दुसऱ्याच दिवशी पोरीला ताप. आता मीच तिच्या जागी असते तर? मी तर उतारा टाकून थांबले नसते, भांडायला आले असते.

हे सगळं कळल्यावर मला हसू यायला हवं होतं. पण पोर डोळे पुसत म्हणाली, ‘आई, उद्यापासून मला चटणी-भाकरीच दे. इडली नको. पोडी तर नकोच. आणि आपण तिकडं राहत नव्हतो असं सगळ्यांना सांगूया का?’

मी उठले, पायात चप्पल अडकवली, पोरीचा हात धरला आणि शेजारणीच्या दारात जाऊन उभी राहिले.

‘वैनी, तुमच्या पोरीला मी पुडी चारली असं वाटतंय ना तुम्हांला?’

ती कोथिंबीर निवडत होती. दचकली, पण खोटं बोलली नाही. ‘तुमच्या पोरीनंच सांगितलं की. खाल्ली की मानूस सारखं येतंय म्हनली. आन दुसऱ्या दिवशी माजी लेक तापानं फणफणली. मी काय समजायचं?’

‘आधी मला विचारायचं!’

‘आवं, असलं कुनी विचारतं व्हय तोंडावर?’

तेही खरंच होतं. म्हटलं, ‘मला करणी येत असती ना वैनी, तर पहिली नवऱ्यावर केली असती आणि त्याला इथं आणून बसवला असता.’

तिच्या ओठांचा कोपरा हलला, पण हसली नाही. म्हणाली, ‘मग काय घालता त्यात?’

‘तुमच्यासमोर करते. तुमच्याच घरात, तुमच्याच डब्यातलं घेऊन.’

मी ओढणी झटकून दाखवली, हात उलटेसुलटे करून दाखवले. तिनं खरंच बघितले. मग एकेक डबा काढून देऊ लागली. उडदाची डाळ दिली, हरभऱ्याची दिली, तीळ, हिंग, मिरच्या. कढीपत्ता परसातल्या झाडाचा तिनं स्वतः तोडून आणला, मला तोडू दिला नाही. मी कढईत भाजायला लागले तशी ती माझ्या खांद्याशी येऊन उभी राहिली. माझी बोटं कुठं जातायत, ओठ हलतायत का, सगळं बघत होती. मिरच्या भाजल्या तशी आम्ही दोघी एकदमच शिंकलो. तिची लेक आतल्या दारात येऊन उभी राहिली. माझी पोर उंबऱ्याच्या आत पाऊल टाकायला तयार नव्हती.

मिक्सरमधून पूड काढली. तिनं बोटावर घेऊन हुंगली.

‘आगं बया! ही तर चटनीच हाय!’

‘चटणीच आहे. तिकडं पोडी म्हणतात.’

‘आपल्या कारळ्याच्या चटनीवानीच की. नुसत्या डाळी जास्त.’

‘मग मी दुसरं काय सांगतेय?’

तिनं भाकरी वाढली, पोडीत खळगा करून शेंगदाण्याचं तेल ओतलं आणि ताटली माझ्यापुढं सरकवली. ‘आदी तुमी.’ मी खाल्ली. माझ्या पोरीला हाक मारून तिलाही घास दिला. तरी ती बाई तशीच बसून. आमच्याकडं टक लावून बघतेय, जशी काही आम्ही आत्ता पडणार आहोत. माझा संताप परत वर यायला लागला. आता याहून जास्त काय करायचं माणसानं?

तेवढ्यात तिची लेक पुढं आली, भाकरीचा तुकडा मोडला, पोडीत बुडवला आणि तोंडाकडं नेला. आईनं झपकन तिचं मनगट धरलं. माझी पोर खाली मान घालून बसली. मला वाटलं, संपलं. आता आपण हे घर सोडायचं, गाव सोडायचं, पोरीला परत घेऊन जायचं.

आणि त्या बाईनं लेकीच्या बोटांतला घास काढून घेतला आणि स्वतःच्या तोंडात टाकला.

ती डोळे मिटून चावत होती. भ्यालेली होती, हे मला स्पष्ट दिसत होतं. काही व्हायचंच असेल तर आधी मला होऊ दे, एवढंच तिच्या मनात होतं. माझा राग कुठं गेला ते मला समजलं नाही. मी तरी दुसरं काय केलं असतं?

तिनं गिळलं. थोडी थांबली. पाणी प्याली. मग लेकीपुढं ताटली सरकवत म्हणाली, ‘मीठ कमी हाय.’

‘कमीच असतंय वं काकू!’ माझी पोर एकदम उसळून बोलली. ‘आमच्या आईचं मीठ कायम कमीच असतंय! मी किती येळा सांगितलं!’

पलूसला आल्यापासून ती इतक्या मोठ्यानं कधी बोलली नव्हती, आणि असं गल्लीतल्या पोरींसारखं तर नाहीच. दोघी एकाच ताटलीवर वाकल्या, एकमेकींचे हात ढकलायला लागल्या. मी तोंड फिरवून डोळे पुसले. शेजारणीनं विचारलं तर म्हटलं, मिरचीचा ठसका लागलाय. तिचा काही विश्वास बसला नाही.