हेल्वीच्या भट्टीचा उतार

फिनलंडमधल्या कुओपिओ शहराच्या अलीकडच्या एका गावात आल्पो गवंड्याने साठेक घरांतून पावाच्या भट्ट्या बांधल्या आणि एकदाही ‘चुकलं’ म्हटलं नाही. धूर कोंडला तर वारा वाईट, पाव कच्चा राहिला तर लाकूड ओलं, आणि हेल्वीचा काळा पाव एका अंगाला कलला तर पीठ सैल! तिच्या भट्टीचा तळ डावीकडे उतरता आहे हे तिला पहिल्याच आठवड्यात कळलं. आल्पोला तर त्याच्याही आधी. ऐन उन्हाळ्यातल्या मिडसमरच्या सणाला तळ्याकाठी पळायची घाई होती, म्हणून विटांखालची वाळू त्याने ठोकलीच नव्हती.

पुढे एकतीस वर्षं तो तिच्याकडे कॉफी प्यायला जायचा आणि भट्टीकडे पाठ करून बसायचा.

बाहत्तराव्या वर्षी उजवा खांदा धरला. डॉक्टरीणबाईंनी काम सोडायला सांगितलं. थापी पुसून ठेवताना आल्पोला बाकीच्या भट्ट्या आठवल्याच नाहीत. सकाळी तो सायकलला वाळूची बादली अडकवून हेल्वीच्या दारात हजर. जुलै महिना, भट्टी थंडच होती.

“हेल्वी, तुझ्या भट्टीचा तळ जरा...”

“जरा काय?”

“कलता आहे. वाळू ठोकली नव्हती मी. चुकलं माझं.”

‘जाऊ दे रे, आता सवय झाली’ असं ती म्हणेल, अशी त्याची वाटभर खात्री होती. हेल्वीने कप खाली ठेवला.

“एकतीस वर्षं! अरे मेल्या, जावई माझ्या पावाला टोपी म्हणतो!”

“मग बोलली का नाहीस?”

“बोलून काय? पुन्हा माझ्या पिठालाच नावं ठेवली असतीस. चढव आता बाह्या.”

कोपरापर्यंत त्याचा हात भट्टीत गेला, पुढे खांदा अडला. डाव्या हातातून वीट सटकली. आल्पो स्टुलावर टेकला.

“होत नाही गं,” तो हळूच म्हणाला.

हेल्वीने त्याला उठवलं. डोक्याला रुमाल बांधून, अडुसष्टाव्या वर्षी ती स्टुलावर चढली. भट्टीच्या तोंडाची कड पोटाला टोचू नये म्हणून त्याने आपला कोट घडी करून खाली ठेवला. ती कमरेपर्यंत आत गेली.

“ती वीट नाही, पलीकडची काढ. आता वाळू ठोक. अजून ठोक.”

“ठोकतेय! कुणाचं डोकं समजून, ते विचारू नकोस,” आतून आवाज आला.

दुपारी विटा बसल्या. ती कानापर्यंत काळी होऊन बाहेर आली. त्याने ओल्या फडक्याने तिचं कपाळ पुसलं आणि डाव्या हाताने पातळी बघायची पाणसळ आत सरकवली. बुडबुडा केसभर उजवीकडे थांबला; उजवी बाजू अजून तेवढी उंच होती.

“राहू दे रे,” हेल्वी म्हणाली. “पावाला काय कळतंय? आपली वयं बघ.”

पावाला खरंच कळलं नसतं. कॉफीचा वास सुटला होता, खांदाही ठणकत होता.

“उजवीकडची तिसरी वीट काढ,” आल्पो म्हणाला. “टॉर्च मी धरतो.”

हेल्वीने त्याला आणि जगातल्या समस्त गवंड्यांना मनसोक्त शिव्या घातल्या, आणि पुन्हा आत शिरली.