सातवी मॅच आणि सोललेली लसूण

मी आणि माझी बायको नातालीन, आम्ही दोघांनी मिळून केलेलं शेवटचं काम म्हणजे अमेरिकेतली बेसबॉलची एक मॅच बघितली आणि परातभर लसूण सोलली. मॅच आम्ही हरलो. (म्हणजे ती हरली. मी जिंकणाऱ्यांच्या बाजूने होतो.) लसूण पूर्ण सोलून झाली. डबा फ्रीजमध्ये ठेवून ती म्हणाली, "जरा पाठ टेकते," आणि आत गेली. ती पुन्हा उठली नाही. डॉक्टर म्हणाला, हार्ट. मी म्हटलं, बरं. दुसरं काय म्हणणार? तो डॉक्टर, मी चौथीत शाळा सोडलेला.

आता वसईची दोन म्हातारी माणसं दुबईत बसून बेसबॉल कशाला बघत होती, ते सांगतो. आमचा मुलगा ऑल्विन इथे अल बर्शाला राहतो. मी स्वतः तरुणपणी याच दुबईत एका हॉटेलच्या लाँड्रीत चादरी धुतल्या, मग वसईला जाऊन केळी लावली, आणि म्हातारपणी मुलाने दोघांना परत इथे आणलं. केळीवाल्या माणसाला पहाटे चारच्या आधी जाग येते. अल बर्शाच्या फ्लॅटमध्ये पहाटे चारला करण्यासारखं काही नसतं. सून ग्रेटा हॉटेलात कामाला, उशिरा येते, तिची झोप मोडायची नाही. म्हणून आम्ही आवाज बंद करून टीव्ही लावायचो. त्या वेळी फक्त अमेरिकेत संध्याकाळ असते, त्यामुळे ताजं असं काही लागतं ते तिथलंच.

पहिल्या दिवशी नातालीन बराच वेळ बघत राहिली. मग म्हणाली, "हे लोक कशाची वाट बघतायत? बसची?"

"खेळ आहे तो."

"मग खेळत का नाहीत? नुसते उभे आहेत आणि थुंकतायत."

तेवढ्यात लाल टोपीवाला, दाढीवाला, पोट सुटलेला एक गडी चेंडू टाकायला आला. नातालीन उठून टीव्हीजवळ गेली. "अहो, हा तर आमचा बस्त्याव!" बस्त्याव म्हणजे तिचा भाऊ, माझा मेव्हणा. खरंच सारखा होता. पँट वर ओढायची पद्धतसुद्धा तीच. त्या दिवसापासून लाल टोपीवाले तिचे झाले. मग मला समोरच्या निळ्या टोपीवाल्यांच्या बाजूने जावंच लागलं. लग्नाला एवढी वर्षं झाल्यावर एकाच बाजूने बसून बोलायचं काय?

मॅचेस कशा लागतात ते आम्हाला नात कियाराने शिकवलं. ती आठवीत आहे, आम्हाला नाना-नानी म्हणते, मराठी समजते, उत्तर इंग्लिशमध्ये देते. नातालीन त्या वेळीही लसूणच निवडत होती. कियाराने त्यातल्या पाकळ्या घेऊन टेबलावर मांडल्या. पहिल्या फेरीत तीन पाकळ्या, ज्याने दोन घेतल्या तो पुढे. मग पाच पाकळ्या, ज्याने तीन घेतल्या तो पुढे. शेवटच्या दोन फेऱ्यांना सात पाकळ्या, आणि पहिल्या चार जो घेईल तो जिंकला. "फर्स्ट टू फोर, नानी. दॅट्स इट."

नातालीनने विचारलं, "आणि चार एकानेच घेतल्या तर? या तिघींचं काय?"

"नॉट प्लेड. ओन्ली इफ नेसेसरी."

"मग सोलल्या कशाला?"

नातालीनने त्या तीन पाकळ्या उचलून चटणीत टाकल्या आणि विषय तिथेच संपला. माझंही तेच मत पडलं. आम्ही नोव्हेना करणारी माणसं. नऊ दिवसांची प्रार्थना मागितली की नऊ दिवस करायची. तिसऱ्याच दिवशी आजारी माणूस उठून भाकरी खायला लागला तरी उरलेले सहा दिवस कोण सोडतं? सात मॅचेस ठेवल्यात म्हणजे सात होणार. पोर लहान आहे, तिला नीट माहीत नसेल, असं आम्ही धरून चाललो.

मॅचेस कुठे होतात तेही नातालीनने आपल्या पद्धतीने लावून घेतलं. फायनलच्या पहिल्या दोन एकाच्या गावात, मधल्या तीन दुसऱ्याच्या, शेवटच्या दोन परत पहिल्याच्या. "लग्नासारखंच आहे," ती म्हणाली. "दोन जेवणं मुलीकडे, तीन मुलाकडे, मग परत मुलीकडे. आणि मध्ये प्रवासाला एक दिवस सोडतात. शहाणी माणसं आहेत."

लाल टोपीवाले फायनलला पोचले तेव्हा ती हवेतच होती. आपल्याकडे नोव्हेनाच्या शेवटच्या दिवशी लोकांना खाऊ घालतात. तिने ठरवलं, सातव्या मॅचला सगळ्यांना बोलवायचं. आणि बोलावलं! समोरच्या फ्लॅटमधल्या रुखसानाभाभी, रत्नागिरीच्या, त्या आणि त्यांचे मिस्टर. चर्चच्या रोजरीच्या बायका. खालचा वॉचमन.

"पहाटे चारला कोण येणार?" मी विचारलं.

"फजरच्या नमाजाला उठतातच की," रुखसानाभाभींच्या दाराकडे बोट दाखवून ती म्हणाली. "आणि आपल्या बायकांना फुकटचं जेवण म्हटलं की अलार्म लागत नाही."

त्यातच ऑल्विनचा साहेब एकदा घरी जेवायला आला. डग साहेब, अमेरिकेतला, बेसबॉलवाला. नातालीनने त्यालाही सांगितलं, "सातव्या मॅचला यायचं." ऑल्विनने इंग्लिशमध्ये सांगितलं. साहेब हसला आणि म्हणाला, "शुअर, इफ देअर इज अ गेम सेव्हन."

"काय म्हणतो?"

"येतो म्हणतोय," ऑल्विन म्हणाला. साहेबासमोर जास्त बोलायला नको म्हणून त्याने तेवढंच सांगितलं. पोराला घरी मराठी आणि ऑफिसात इंग्लिश शिकवलं, पण भाषांतर कुणी शिकवलं नाही.

फायनल सुरू झाली, समोर माझे निळेच. लाल पहिली हरले. दुसरी हरले. तिसरीच्या दिवशी आम्ही परात मधे घेऊन बसलो, कारण सातव्या मॅचच्या जेवणातल्या तिच्या कोंबडीला लसूण भरपूर लागते आणि ती आधीच सोलून ठेवायची तिची सवय. बस्त्यावला त्या दिवशी इतका मार पडला की त्याला मधेच बसवलं.

"सात-शून्य होणार," मी म्हटलं.

"तीन गेल्या, चार आहेत. चारही आम्ही घेऊ. चार-तीन."

"तुझा बस्त्याव पँट सांभाळील की चेंडू टाकील?"

"तुम्ही साल काढा नीट. अर्धी तशीच टाकताय."

हे तिचं मला शेवटचं वाक्य. (पाठ टेकते, ते ती सगळ्या घराला म्हणाली.) लोक शेवटचं वाक्य जपून ठेवतात म्हणे. मला हे मिळालं.

नंतरचे दिवस कागद आणि माणसं यांत गेले. ऑल्विन या ऑफिसातून त्या ऑफिसात पळत होता. तिला इथल्याच ख्रिस्ती दफनभूमीत ठेवलं. टीव्हीवर ग्रेटाने चादर टाकली होती. मी कुणाशी फारसं बोललो नाही, पण जे बोललो ते एकच: "सातव्या मॅचला तिने लोकांना बोलावलंय. जेवण होणार."

ऑल्विन म्हणाला, "पपा, आत्ता?"

"तिने बोलावलंय."

"पपा, ती मॅच..."

"प्रवासाचा एक दिवस धरून मी हिशोब केलाय. सुट्टीच्या दिवशीच येते. आमंत्रण देऊन दार बंद ठेवायचं? तिचा शब्द राहील का?"

ऑल्विन ग्रेटाकडे बघत राहिला. ग्रेटा कियाराकडे. कियारा तोंड उघडणार तेवढ्यात ग्रेटा तिला म्हणाली, "यल्ला, चल, अभ्यासाला बस." मला वाटलं, दुःखात आहेत. तसे होतेही.

आदल्या दिवशी मी कोंबड्या आणल्या. मसाला नातालीनचाच होता, लसूण तर होतीच. लाँड्रीवाल्याला तीस-चाळीस माणसांच्या चादरी धुता येतात, म्हणून तेवढ्यांचं जेवण करता येईल असं मला का वाटलं ते माहीत नाही. किती लसूण घालायची हे विचारायला माणूस नव्हतं, म्हणून सगळा डबा ओतला. वास लिफ्टपर्यंत गेला. वॉचमन वर येऊन विचारून गेला की गॅस तर लीक नाही ना. मी म्हटलं, "जेवण आहे. पहाटे ये." म्हणाला, "मालूम है, अंकल. मॅडमने बोला था."

पहाटे चारला एकेक माणूस यायला लागलं. मला खरं तर कुणी येईलसं वाटत नव्हतं. पण आले. रोजरीच्या बायका काळ्या कपड्यांत, हातात माळा. रुखसानाभाभी भाकऱ्यांचा डबा घेऊन, मिस्टर मागे खुर्च्या घेऊन. डग साहेब लाल टोपी घालून आला आणि दारात ती काढून हातात धरून उभा राहिला. सगळे इतके गप्प बसले होते की मला वाटलं, बेसबॉल कसा बघतात ते माहीत नसेल. मी म्हटलं, "मोकळे बसा. यात फार काही होत नाही."

ऑल्विनने टीव्ही लावला. कियारा मागे काहीतरी वायर जोडत होती. मॅच सुरू झाली आणि काय सांगू, लाल टोपीवाले जिंकायलाच निघालेले! चेंडू बाहेर, लोक उभे. डग साहेब ओरडायला हवा होता, तो आपला बुटांकडे बघतोय.

मग पँट वर ओढत बस्त्याव आला. मी पुढे सरकलो.

"याची दाढी कुठे गेली?"

"काढली असेल, पपा," ऑल्विन म्हणाला. "फायनल आहे ना."

"आणि पोट?"

ऑल्विन उठून खुर्च्या सरकवायला लागला.

"चार दिवसांत माणसाचं पोट जातं? आणि हा डोक्यावर केस कुठून घेऊन आला?"

ग्रेटा म्हणाली, "डाएट असेल."

"वयसुद्धा डाएटने उतरतं का?"

रोजरीच्या एका बाईने माळेचे मणी ओढायला घेतले. शेवटी कियारा माझ्याजवळ जमिनीवर येऊन बसली. "नाना, धिस इज अॅन ओल्ड गेम. रेकॉर्डिंग."

"आणि आजची?"

"देअर इज नो गेम टुडे. दे लॉस्ट द फोर्थ वन टू. फोर-झिरो. इट वॉज ओव्हर द मॉर्निंग आफ्टर नानी..." पुढे ती थांबली.

म्हणजे नातालीन गेली त्याच्या दुसऱ्याच पहाटे सगळं संपलं होतं, चादरीखाली. उरलेल्या तीन कुणी खेळल्याच नाहीत. मैदानं झाडून लोक घरी गेले, आणि मी इथे त्यांच्या प्रवासाचा दिवस धरून हिशोब करत होतो. पोरीने पाकळ्या मांडून सांगितलं होतं. पाकळ्या आम्ही चटणीत घातल्या.

मी सगळ्यांकडे बघितलं. "तुम्हाला माहीत होतं?"

रुखसानाभाभी म्हणाल्या, "भाई, सगळ्या बिल्डिंगला माहीत होतं."

"मग पहाटे चारला उठून आलात कशाला?"

डग साहेबाने ऑल्विनला काय झालं ते विचारलं, ऑल्विनने सांगितलं. मग साहेब माझ्याकडे बघून हळू काहीतरी म्हणाला.

"काय म्हणतो?" मी विचारलं.

या वेळी ऑल्विनने पूर्ण सांगितलं. "म्हणतो, मॅचला नाही आलो. तुमच्या मिसेसनी बोलावलं होतं म्हणून आलो."

रुखसानाभाभी उठल्या, पातेल्याचं झाकण काढलं आणि मागे सरकल्या. "या अल्ला. भाई, यात कोंबडी आहे का, की नुसती लसूणच?"

पहिली हसली ती ग्रेटा. मग ऑल्विन. मग रोजरीच्या बायका, माळेसकट. डग साहेबाला कुणी अर्थ सांगितला नाही तरी त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं, पण ते बहुतेक वाफेने असेल. सगळे जेवले. चांगलं झालं असं एकही जण म्हणाला नाही, आणि पातेलं रिकामं झालं. ती जुनी मॅच आम्ही शेवटपर्यंत बघितली. लाल जिंकले. चार-तीन. नातालीन म्हणाली होती तसंच, फक्त साल चुकलं. तिची माणसं चार-शून्य हरली हे तिला कळलंच नाही, आणि तिला खिजवायची माझी एवढी मोठी संधी गेली.

दुसऱ्या दिवशी पहाटे मला नेहमीच्या वेळी जाग आली. ग्रेटाने टीव्हीवर परत टाकलेली चादर काढली, आवाज बंद करून टीव्ही लावला. बेसबॉल नव्हता. कुठल्या तरी तळ्यावर माणसं गळ टाकून मासे पकडायची स्पर्धा करत होती. मी फ्रीजमधून लसणीचे दोन गड्डे काढले आणि सोलायला घेतले. साल नीट काढली, अर्धी टाकली नाही. घरात आता वर्षभर कुणी लसूण खाणार नव्हतं, पण हात रिकामे होते.

ऑल्विन पाणी प्यायला बाहेर आला. थोडा वेळ माझ्या मागे उभा राहिला.

"पपा, हे काय बघताय?"

"मासे."

"कोण जिंकतंय?"

"माहीत नाही. मी त्या टोपीवाल्याच्या बाजूने आहे. त्याला अजून एकही मिळालेला नाही."

तो बाजूला बसला, एक पाकळी उचलून सोलायला लागला. "किती वेळ चालतं हे?"

"विचारलं नाही," मी म्हटलं. आणि विचारून कुठे मला समजतं!