शनिवारी तेल न विकणाऱ्या बाईचा दाखला

१५ जानेवारी १९७९, सोमवार. काम एकच. पोलादपूरला जायचं आणि माझी आजी, आईची आई, ज्यू होती असा दाखला आणायचा.

आजीला जाऊन तीस वर्षं झाली. तिला स्वतःला असला दाखला कधी लागला नाही. पण माझ्या धाकट्या बहिणीची मुलगी रेचल इस्रायलमध्ये लग्न करते आहे, आणि तिथल्या लग्न नोंदवणाऱ्या धर्मगुरूंनी तिचे कागद अडवून धरले आहेत. हिंदुस्थानातून आलेले तुम्ही बेने इस्रायल मूळचे ज्यू कशावरून? आईची आई, तिची आई, असं मागे मागे सांगत जा. सांगता येत नसेल तर पाण्यात बुडी मारून धर्मांतराचा विधी करून घ्या. रेचलनं लिहिलं होतं, "मावशी, मी जन्मापासून जी आहे ती व्हायला आता पाण्यात बुडी मारणार नाही. लग्न मार्चमध्ये आहे. काहीतरी कर." मुलगी माझ्याच वळणावर गेली आहे.

ठाण्याहून पहाटेची एसटी धरली. पनवेल, पेण, माणगाव. हवेत गारवा होता आणि शेजारच्या बाईच्या पिशवीत एक जिवंत कोंबडा. मी महाडचं तिकीट मागितलं तशी कंडक्टर म्हणाला, "सवला जाणार असाल. गरम पाण्याची कुंडं. गुडघ्यांना फार चांगलं."

"माझे गुडघे ठीक आहेत," मी म्हटलं. "तुमचे कसे आहेत?"

त्यानं तिकीट फाडून हातात दिलं आणि पुढच्या बाकाकडे सरकला.

महाडला जाधव गुरुजी घ्यायला आले होते. माझ्या शाळेतल्या सहकारी बाईंचे हे भाऊ, इथल्या शाळेत शिक्षक. दाखला त्यांच्या सुंदर अक्षरात लिहायचा आणि साक्षीला त्यांचीच सही, असं पत्रानं ठरलं होतं. त्यांच्या घरी तांदळाची भाकरी आणि जवळ्याची (सुकवलेल्या बारीक कोळंबीची) चटणी होती. चटणी इतकी झणझणीत की नाक पुसत पुसत मी दोन भाकऱ्या संपवल्या.

दुपारच्या गाडीत आम्ही जे बोलायला लागलो ते थांबेचना. गुरुजी बौद्ध. म्हणाले, "आम्ही धर्म बदलला त्याला वीस वर्षं होऊन गेली, तरी लोक विचारतात, आधी कोण होता? तुम्हाला विचारतात, आधीपासून कोण आहात? प्रश्न विचारणारे मात्र सगळीकडे तेच."

मी म्हटलं, "आम्हीही काही सोवळे नाही. आमच्यात गोरे आणि काळे अशा दोन फळ्या होत्या. ज्याच्या घरात बाहेरची बायको आली त्याची मुलं काळी. रंग कसाही असो. गोरे त्यांच्या ताटात जेवत नसत. माझी आई सांगायची, आणि अभिमानानं सांगायची."

"तुम्ही कोणत्या?"

"गोऱ्या. म्हणजे आई सांगायची म्हणून."

एवढ्यात गाडी घुरघुरत चढाला लागली. "पोलादपूर कुठे?" मी विचारलं. "ते मागंच गेलं की बाई," कंडक्टर म्हणाला, "आता कशेडी." घाटाच्या पहिल्याच वळणावर त्यानं आम्हाला उतरवलं. अर्ध्या तासानं मंगलोरी कौलांचा एक ट्रक थांबला. ड्रायव्हरशेजारी मी, पलीकडे गुरुजी, अशी आमची वरात पोलादपुरात शिरली.

आजीचा तेलाचा घाणा होता त्या आळीत तो चालवताना तिला पाहिलेलं एकच माणूस उरलं आहे, गंगूमावशी. वय ऐंशीच्या घरात. त्यांच्या अंगणात आमच्या घाण्याची दगडी उखळी पडली होती आणि तिच्यात कोंबड्या पाणी पीत होत्या. मी कोण, कशाला आले, ते सांगितलं. मावशींनी मला खालपासून वरपर्यंत पाहिलं.

"शनवार तेलणीची नात? हे कुनी पन येऊन सांगंल. कागूद कसला? जमिनीचा नाय ना?"

"जमिनीचा नाही हो. लग्नाचा."

"बस मंग. सून पान्याला गेलीय. तवर एवढं मासं निवड."

माझ्यापुढे पाटी आली. खाडीचे मासे होते. कामाला लावलं तर लावलं, म्हणून मी पदर खोचून बसले. रेचलचं सांगत होते, मार्चचं सांगत होते, हात चालू होते.

"हे का गो बाजूला काढलंस?"

मी खाली पाहिलं. एकीकडे बोय (खवल्यांचा मासा). दुसरीकडे शिंगाळा, वाम आणि मूठभर कोळंबी. ज्याला खवले नाहीत ते आमच्यात खायचं नाही, लहानपणी आईनं पाटीपाशी बसवून शिकवलं होतं.

मावशी हसल्या. तोंडात दोनच दात. "तुजी आजी बी अशीच. शिंगाळा आला का माज्या आयशीला देऊन टाकायची. शनवारी आमी तेलाला गेलो का म्हनायची, उद्या ये गो पोरी, आज घाना निजलाय. लिवा, गुरजी."

दुपारी मी भाकरीबरोबर काय खाल्लं ते गुरुजींना माहीत होतं. ते मान खाली घालून पेनात शाई आहे का ते पाहत राहिले.

लिहून झाल्यावर त्यांनी वाचून दाखवलं. आमचा शनिवारचा धार्मिक विसावा, मासे, सगळं आलं. शेवटची ओळ मी ठाण्याहूनच ठरवून आणली होती: 'सदर बाई शुद्ध ज्यू वंशाची होती.'

"सुद म्हंजी?" मावशींनी विचारलं.

"म्हणजे आईच्या आईच्या आईपासून तीच," गुरुजी म्हणाले.

"ते मला काय म्हाईत? मी काय तितं सुईन व्हते? माज्या आयशीच्या आयशीचं बी मला म्हाईत नाय. बघितलं त्यावर अंगठा देते. बाकीच्यावर नाय."

"खोडा ती ओळ," मी म्हटलं.

"ताई, त्यांना हीच ओळ हवी आहे."

"ठाऊक आहे. पण तिच्यावर अंगठा देणारं माणूस त्या धर्मगुरूंच्या आळीतही सापडायचं नाही. खोडा."

गुरुजींनी दुसरा कागद घेतला आणि ती ओळ सोडून सगळं पुन्हा लिहिलं. मावशींनी अंगठा उठवला, उखळीतल्या पाण्यात धुतला, आणि निवडलेली बोय तळून आम्हाला वाढली. शिंगाळा घरच्यांसाठी ठेवला.

मंगळवारी परतले. गाडीत डोळा लागला नाही. अर्धवट दाखला घेऊन चालले आहे, पोरीचं लग्न अडलं तर दोष माझा, हे पनवेलपर्यंत मनात होतं. पनवेलला चहा घेतला आणि ठरवलं की दाखला अर्धवट नाही. आजीबद्दल जगात जेवढं कुणी पाहिलं होतं तेवढं सगळं त्यात आहे.

बुधवारी सकाळी दाखल्याला इंग्रजी भाषांतर जोडून तो रजिस्टर पोस्टानं इस्रायलला पाठवला. आत रेचलसाठी चिठ्ठी घातली: "कागद पुरला नाही तर त्यांना म्हणावं, माशांची पाटी आणा. पाटी पुढे आली की विचार करू नकोस, हात चालू दे."