गुण्याकाकांना काय द्यायचं

फरशी बसवणाऱ्या लोकांत त्यांना सगळे गुण्याकाका म्हणत. गुण्या म्हणजे काटकोन तपासायचं गवंड्याचं हत्यार. काकांनी बसवलेल्या फरशीला गुण्या लावायची गरज नाही, असं एक मुकादम कधीतरी म्हणाला आणि नाव चिकटलं ते चिकटलंच. माणूसही तसाच होता. वाकडं बोलायचं नाही, जास्त बोलायचं नाही आणि कुणाकडून काही घ्यायचं नाही.

घरात दोघंच, काका आणि त्यांची मुलगी. बायको तापाने गेली तेव्हा मुलगी जेमतेम पावलं टाकायला लागली होती. काकांनी पुन्हा लग्न केलं नाही. सकाळी पोरीला शेजारच्या मावशींकडे सोडायचं, दिवसभर गुडघ्यांवर रांगत लोकांची घरं चकचकीत करायची आणि अंधार पडायच्या आत येऊन तिची वेणी घालायची. फरशीची ओळ तसूभर न हलवणाऱ्या त्या हातांना वेणी काही सरळ जमली नाही. पोर मोठी होईपर्यंत एक वेणी उजवीकडेच जायची.

पोर मोठी झाली, चष्म्याच्या दुकानात लागली आणि तिचं लग्न ठरलं. मुलगा बस डेपोत मेकॅनिक होता. काकांनी त्याचे काळे पडलेले हात पाहिले आणि "बरं आहे," म्हणाले. त्यांच्या तोंडून ही फार मोठी पावती होती.

लग्नाच्या दिवशी बाबांना काहीतरी द्यायचं, असं मुलीच्या मनाने घेतलं. पण काय देणार? आजवर दिलेल्या वस्तूंची गत तिला माहीत होती. घड्याळ चांगल्या दिवसासाठी म्हणून डबीतच बसलं होतं. अत्तराची बाटली काकांनी मुंग्यांच्या वारुळावर रिकामी केली आणि वर "गुणकारी आहे हो," असं शेजाऱ्यांना सांगितलं. विचारायला जावं तर उत्तर ठरलेलं.

"बाबा, तुम्हाला काय हवं?"

"काही नको."

"असं कसं? काहीतरी हवं असेल ना?"

"दार ओढून घे, धूळ येते."

शेवटी तिने मावशींना गाठलं. मावशी शिवणाच्या मशीनवर होत्या. सुई थांबवून त्या म्हणाल्या, "त्याला वस्तू देऊन काय उपयोग? तुला नाट्यगृहाची फरशी ठाऊक आहे का?"

तिला ठाऊक नव्हती. मावशींनी सांगितलं. काका तरुण असताना शहरातल्या मोठ्या नाट्यगृहाच्या दर्शनी हॉलची फरशी त्यांनी बसवली होती. काळी, पांढरी आणि विटकरी, मधोमध मोठं फूल. तेव्हा बायकोही त्यांच्याबरोबर कामाला होती. ती सिमेंटचा माल कालवायची, फरश्यांचे सांधे भरायची. एक दिवस ती म्हणाली, मलाही बसवू दे. काकांनी जिन्याखालचा कोपरा तिला दिला. तिची ओळ जरा लाटेसारखी गेली. मुकादम ओरडला तेव्हा काका म्हणाले, "चूक माझी आहे, पण आता माल घट्ट झाला, निघणार नाही." आयुष्यात तेवढंच एक खोटं बोलला असेल तो, मावशी म्हणाल्या. काम संपलं, उद्घाटन झालं, आणि कामगारांना पुढच्या दाराने आत जायची वेळ कधी आलीच नाही.

मुलीचं ठरलं. लग्न लागलं की बाबांना नव्या कपड्यांत तिथे न्यायचं. पुढच्या दाराने, पाहुण्यासारखं, तिकीट काढून. आईचा कोपरा बघायचा आणि मग आत बसून नाटक बघायचं. इतक्या दिवसांत पहिल्यांदाच तिला वाटलं, आता ही भेट बाबांना बाजूला ठेवता येणार नाही.

लग्नाला आठवडा उरला असताना दुपारच्या सुट्टीत ती तिकिटं काढायला गेली. खिडकी बंद होती. दाराला पाटी होती, 'नूतनीकरणासाठी बंद'. आतून ठोकल्याचा आवाज येत होता. दार नुसतं लोटलेलं होतं. ती आत गेली.

हॉलभर धूळ तरंगत होती. मधलं फूल अर्धं गेलं होतं. आणि उरलेल्या अर्ध्यासमोर, गुडघ्यांखाली गोणपाट घेऊन, छिन्नी-हातोडा हातात धरून तिचे बाबा बसले होते.

"बाबा?"

त्यांनी मान वर केली. भुवया धुळीने पांढऱ्या झाल्या होत्या. "तू इथे कशी? दुकान नाही का?"

"तुम्ही... तुम्ही ही फोडताय?"

"फोडत नाही. काढतोय." त्यांनी बाजूला बोट दाखवलं. तिथे तुकड्यांचा ढीग होता. सबंध फरशी एकही नव्हती. "निघत नाही अख्खी. फार पक्की बसवली. आपलंच काम आपल्याला नडलं."

ते हसायला गेले आणि खोकला आला. तिने त्यांना पाणी दिलं. मग हळूहळू कळलं ते असं. ओळखीच्या मुकादमाने सहज सांगितलं की नाट्यगृहात नवी फरशी येतेय. ते ऐकून काका सकाळी धावत इथे आले. ठेकेदाराला म्हणाले, जिन्याखालचा कोपरा तेवढा मला हाताने काढू द्या, काही देऊ नका. ठेकेदार भला होता. म्हणाला, काका, उशीर केलात, फोडायचं मशीन आज तिथूनच सुरू केलं.

तिने जिन्याखाली पाहिलं. तिथे नुसतं खडबडीत सिमेंट होतं, झाडून काढलेलं.

"मग तुम्ही घरी परत का नाही आलात?"

"कसा येणार? बाकीची तरी त्या मशीनच्या हाती कशाला द्यायची?"

ती त्यांच्याशेजारी खाली बसली. लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं. "बाबा, लग्नाच्या दिवशी मी तुम्हाला इथे आणणार होते. माझ्याकडून भेट म्हणून."

काका बराच वेळ हातातल्या तुकड्याची धूळ अंगठ्याने पुसत राहिले. "मग आलोच की," ते म्हणाले.

तिला रडू फुटलं. "आता मी तुम्हाला काय देऊ? तुम्ही कधी काही मागत नाही. एकदा तरी मागा ना!"

आणि जन्मात पहिल्यांदा काकांनी मागितलं. तिच्याकडे न बघता, अगदी हलक्या आवाजात. "तुला ती आठवते का गं? थोडीशी तरी? माझ्याशिवाय तिला जवळून पाहिलेलं आता कुणी राहिलं नाही. मावशीला म्हणावं तर तिची कामावरून आल्या-गेल्याची ओळख. तुला काही आठवत असलं तर सांग. तेवढंच पुरे."

तिने आठवायचा प्रयत्न केला. डोळे मिटून, जीव एकवटून. काही नव्हतं. घरच्या भिंतीवरचा फोटो होता, त्याच्या अलीकडे-पलीकडे कोरं. पण बाबा वाट बघत होते. ती म्हणाली, "आठवते ना. मला मांडीवर घेऊन गाणं गुणगुणायची."

काकांचा चेहरा क्षणभर उजळला. मग त्यांनी हळूच तिच्या डोक्यावर हात ठेवला.

"नाही गं पोरी. ती गायची नाही. आवाज घोगरा आहे म्हणून लाजायची." आणि हातातला तुकडा खाली ठेवून, "राहू दे. तू लहान होतीस. तुझी काय चूक?"

तिने पदर खोचला, रिकामं घमेलं पुढे ओढलं आणि तुकडे भरू लागली. दुकानात परत जायचं तिला आठवलंही नाही. काकांनी तिला थांबवलं नाही. उरलेलं अर्धं फूल दोघांनी मिळून काढलं.

लग्न साधंच झालं. सह्या, हार, जेवण. काकांनी नवा शर्ट घातला होता आणि पाहुण्यांना आग्रह करकरून वाढत होते. फोटो काढणारा "मुलीचे वडील पुढे या," म्हणाला तेव्हा ते पुढे आले, ताठ उभे राहिले. निरोपाच्या वेळी जावयाला एवढंच म्हणाले, "रात्री उशिरापर्यंत वाचत बसते. दिवा जरा बरा घ्या." मुलीने त्यांना काहीच दिलं नव्हतं. लोकांनी विचारलं तेव्हा ती हसून विषय बदलत राहिली.

त्यानंतर काकांनी काम घेतलं नाही. गुडघे दुखतात, म्हणायचे. बोलणं आणखी कमी झालं. मुलगी येताना डबा आणायची, शेजारी बसायची. कधी म्हणायची, "बाबा, आईचं काहीतरी सांगा ना." ते सांगायला तोंड उघडायचे, एक-दोन वाक्यं बोलायचे आणि थांबायचे. "आता मलाही नीट आठवत नाही," असं म्हणून खिडकीकडे बघायचे.

एकदा ते तिच्या घरी आले. मोरीजवळची एक फरशी हलत होती. कुणी काही म्हणायच्या आत काका भिंतीला धरून खाली बसले, फरशी उचलली, मुलीकडे वाटीभर सिमेंट मागितलं आणि ती जागेवर दाबली. सांधा बोटाने पुसला. मग उठायला गेले, आणि उठताच येईना. जावयाने दोन्ही काखांत हात घालून त्यांना उचललं.

"ओली आहे," उभं राहिल्यावर ते धापा टाकत म्हणाले. "उद्यापर्यंत पाय देऊ नका."

मुलगी तोंड फिरवून नळाखाली वाटी धूत राहिली, कितीतरी वेळ.