दहाव्या लेण्यात ठेवलेले शब्द

वेरूळच्या दहाव्या लेण्यात कचरूमामांनी तीस वर्षं उजेड दाखवला. दारात उभं राहून आरशावर ऊन धरायचं आणि आतल्या अंधारात स्तूपापुढे बसलेल्या बुद्धाच्या चेहऱ्यावर सोडायचं, एवढंच काम. यंदा आत विजेचे दिवे आले आणि आरसा घरी गेला. आता गाइडचं ओळखपत्र मिळालं तरच मामांना लेण्यात उभं राहता येणार होतं. नाहीतर गंगापूरला लेकीच्या दारी.

शेजारची अमृता इंग्रजी घेऊन एम.ए. झालेली. मामा सातवी पास. मुलाखतीची तयारी आपण करून घेऊ, असं तिनं ठरवलं आणि पहिल्याच दिवशी तिलाच शब्दकोश उघडावा लागला. बुद्धाच्या वरच्या ओठावर, नाकाखाली जी पन्हळ असते तिला मामा 'फिल्ट्रम' म्हणाले. अंग दिसावं इतकं तलम वस्त्र म्हणजे 'डायॅफनस'. उजेड संपला पण अंधार लागला नाही, ती कड 'पिनम्ब्रा'. ऊन-सावलीच्या खेळाला 'किआरस्क्युरो'. हा शेवटचा शब्द अमृता पाच वर्षं 'कि'ऐवजी 'चि' लावून म्हणत आली होती.

हे कुठून शिकलात, तिनं विचारलं. पाहुण्यांकडून, मामा म्हणाले. ऊन जिथं पडलं तिथं बोट दाखवून मामा त्यांना नाव विचारत. दुसऱ्या मुलखाच्या माणसानं तोच शब्द तसाच म्हटला, तरच खरा धरत. मग तिथंच ठेवून देत.

"तिथं म्हणजे कुठं, मामा?"

"जिथला तिथं. घरी कशाला आणायचा?"

अमृताला गंमत वाटली. तिनं दोनशे शब्द ए टू झेड वहीत उतरवले आणि महिनाभर पाठ करून घेतले. अर्जातही हौसेनं लिहिलं, दोनशे दुर्मिळ शब्द अर्थ-उच्चारांसह येतात.

मुलाखत शहरात होती. ती बाहेर बाकावर बसली. दार उघडंच होतं. मुलाखत घेणाऱ्या मॅडमनी अर्ज वाचला आणि 'पिनम्ब्रा'चा अर्थ विचारला. मामा खोलीभर नजर फिरवत राहिले. 'डायॅफनस' विचारला. मामांनी घाम पुसला. तिसऱ्या शब्दाला मॅडमनी अर्ज मिटून बाजूला ठेवला. अमृताला वाटलं, आपण यांचं घर उचलून रस्त्यावर मांडलं.

"मॅडम, उठू का जरा?" मामांनी विचारलं.

त्यांनी चपला काढल्या. दाराशी आले, वळले आणि मोजून पावलं टाकत पुन्हा आत गेले. चौथ्या पावलावर थांबले. तिथं काहीच नव्हतं. त्यांनी वर हात केला.

"पिनम्ब्रा. हितं ऊन थकतं."

मग कपाटाशी दुसरा शब्द, पंख्याखाली तिसरा. उच्चार स्वच्छ, अर्थ नेमका. मॅडमसमोर येऊन ते अडले.

"खुर्ची थोडी सरकवा मॅडम. तुमी बुद्धाच्या मांडीवर बसलाय."

मॅडम हसतील, असं अमृताला वाटलं. त्या उठल्या. खुर्ची भिंतीला लावली आणि स्वतःही भिंतीला टेकून उभ्या राहिल्या. मामांनी रिकाम्या हवेत बोट धरलं, अगदी ओठाच्या उंचीवर, आणि हळूच म्हणाले, "फिल्ट्रम." अमृताला तो चेहरा दिसला.

किती शब्द झाले, कुणी मोजले नाहीत. मॅडमनी उभ्या-उभ्याच अर्जावर सही केली.

"मामा, झालं," अमृता दारातून म्हणाली.

मामांनी हातानंच तिला थांबवलं. स्तूपामागची बाजू अजून राहिली होती.