पत्रकाच्या तळाची ओळ

चूक माझ्या लक्षात आली तेव्हा शनिवारची दुपार झाली होती आणि पत्रकं वाटून संपलेली असणार होती. रिंगरोडवरच्या साडीच्या दुकानात मी कॉम्प्युटरवर पार्सलचे पत्ते टाइप करते. जेवताना डब्याखाली घ्यायला म्हणून पर्समधली एकुलती उरलेली प्रत काढली आणि तळाची ओळ वाचून घास तोंडातच राहिला. तिथे छापलं होतं, 'प्रार्थना दर रविवारी संध्याकाळी सहा वाजता', आणि त्यापुढे सुमनमावशींच्या खोलीचा पत्ता, गल्लीच्या नंबरासकट.

असं कसं झालं, हे मला कुणाला समजावून सांगता येणार नाही. आमच्या ख्रिस्ती मंडळीतल्याच माणसाला ते कळेल. माझे वडील नवापूरकडच्या आठवडे बाजारांत सायकलवरून सुवार्तेची पत्रकं वाटायचे. मी अक्षरं त्या पत्रकांवरच गिरवली. आमच्या घरात पत्रकाचा शेवट प्रार्थनेच्या जागेनंच व्हायचा. वाचून एखाद्याचं मन हललं तर त्यानं जायचं कुठे, असं वडील म्हणायचे. मी मजकूर लिहिला, शेवटाला आले आणि हातानं सवयीनं ती ओळ टाकली. प्रेसवाल्यानं ती जाड अक्षरात छापली.

हे पत्रक मात्र सुवार्तेचं नव्हतं. त्याचा मथळा होता, 'कापड साता समुद्रापार, खोकला पांडेसऱ्यात'. सुमनमावशी पांडेसऱ्याच्या कारखान्यांच्या भागात, कापड रंगवणाऱ्या एका डाइंग मिलमध्ये पडद्याच्या कापडाच्या घड्या घालतात. माझ्या त्या नात्यानं कुणी नाहीत, पण प्रार्थनेला येणारे सगळे त्यांना मावशीच म्हणतात. एका रविवारी प्रार्थनेत साक्ष देताना, म्हणजे देवानं आपल्यासाठी काय केलं ते सांगताना, त्या म्हणाल्या होत्या की परदेशी कंपनीचे तपासणीस येणार त्या दिवशी बायकांना मास्क आणि हातमोजे मिळतात. गाडी फाटकाबाहेर गेली की ते गोळा करून पुन्हा कपाटात ठेवतात. तशाही हवेत श्वास चालू ठेवला म्हणून मावशींनी प्रभूचे आभार मानले होते. मी आभारांचा भाग सोडला आणि बाकीचं घेतलं. जागतिकीकरण, नफा, गरिबांच्या घामावर उभी राहिलेली श्रीमंत राष्ट्रं, जे जे माझ्या मनात जळत होतं ते सगळं त्या चार वाक्यांभोवती रचलं. मावशींना विचारलं नाही. नाव टाकलं नाही म्हणजे झालं, असं मला वाटलं होतं. मावशींची नोकरी आणि खोली, दोन्ही एकाच ठेकेदाराच्या हातात होती.

शुक्रवारी संध्याकाळी मी गठ्ठा मिलच्या फाटकासमोरच्या चहाच्या लारीवर, म्हणजे हातगाडीवर, ठेवला होता; शनिवारी सकाळी पाळी बदलताना लारीवाली तो वाटणार होती. आता मी अर्ध्या दिवसाची सुट्टी टाकून बसनं तिथे धावले. लारी प्लास्टिकनं झाकलेली होती. आजूबाजूला एकही कागद पडलेला दिसला नाही. म्हणजे सगळी लोकांच्या खिशात गेली होती. फाटकावरचा वॉचमन माझ्याकडे पाहत होता, की मलाच तसं वाटलं, कोण जाणे. एरवी प्रार्थनेत माझी वाक्यं थांबत नाहीत. त्या दिवशी बसमध्ये 'प्रभू' एवढंच म्हणता आलं, आणि त्याच्यापुढे काय मागावं ते सुचेना. हे तुझ्यासाठीच लिहिलं होतं ना, असं त्याला विचारायचीही मला लाज वाटली. ते कुणासाठी लिहिलं होतं, हे मला तोवर नीट कळलं होतं.

रविवारी पाच वाजताच मी मावशींकडे गेले आणि सगळं सांगितलं. त्या तांदूळ निवडत होत्या. हात थांबला. मग म्हणाल्या, "तुझ्या बापानं सायकलवरून वाटली. तू माझ्या डोक्यावर पाय देऊन वाटलीस." एवढं बोलून त्यांनी ताट बाजूला सारलं आणि सतरंजी अंथरली. आज प्रार्थना नको, बायकांना परत पाठवू, असं मी म्हणून पाहिलं. त्यांनी ऐकलं नाही. आपण दार लावलं तर लोक विचारतील का लावलं, असं त्यांचं म्हणणं.

सहा बायका आल्या. मावशींनी त्यांनाही लपवून ठेवलं नाही. एकीच्या डोळ्यांत पाणी आलं, दुसरी माझ्याकडे पाठ करून बसली. मावशींनी गाण्याची वही उघडली. तेवढ्यात जिन्यावर बूट वाजले. दारात ठेकेदाराचा माणूस उभा होता, हातात माझं पत्रक.

मी मनाशी ठरवलं होतं की उठायचं आणि सांगायचं, मी लिहिलंय. मी उठणार तोच मावशींचा हात माझ्या गुडघ्यावर आला आणि त्यांनी तो असा दाबला की मला हलता येईना.

"मौसी, ये कागज किसने बाँटा, पता है?"

"बैठो भैया, पानी पियो," मावशी म्हणाल्या. "हमारी प्रार्थना चालू है."

त्यानं पाणी घेतलं नाही. गल्लीतल्या प्रत्येक खोलीत विचारतोय, शेठ भडकलेत, असं तो सांगत राहिला. बोलता बोलता त्यानं कागद दिव्याकडे वर धरला आणि मला तो पुरता दिसला. शेवटच्या परिच्छेदाखाली कागदच नव्हता. तळाची ओळ सरळ रेषेत कापलेली होती. तो माणूस ज्या पत्त्यावर उभा होता तो पत्ता त्याच्या हातातल्या कागदावर नव्हता. आणखी दोन प्रश्न विचारून तो शेजारच्या खोलीकडे गेला.

सोमवारी मी लारीवर गेले. लारीवालीनं सांगितलं, शुक्रवारी संध्याकाळी साड्यांवरच्या भरतकामाचे सुटे धागे घरी बसून कापणारी एक बाई चहाला थांबली होती. तिनं एक पत्रक उचलून वाचलं आणि म्हणाली, "हाऊ पत्ता कसाले छापा? कोनं तरी घर उघडं पडी." मग पिशवीतली कात्री काढून, पाच-पाच, सहा-सहा कागद एकत्र धरून तिनं अख्ख्या गठ्ठ्याचा तळ कापला. चहा पार थंड झाला तरी उठली नाही. कापलेल्या पट्ट्या लारीवालीनं चुलीत घातल्या. ती बाई त्याआधी कधी आली नव्हती, नंतरही दिसली नाही. खान्देशी होती, कपाळाला मोठं कुंकू होतं, एवढंच लारीवालीला आठवतं. मी उधना, लिंबायत अशा वस्त्यांत सगळीकडे विचारलं. धागे कापणाऱ्या बायका या शहरात घरोघरी आहेत.

मी याला काय म्हणावं ते इथे लिहीत नाही. मावशी मात्र त्या संध्याकाळबद्दल एकच वाक्य बोलल्या, "तू उभी राहिली असतीस तर तुझं नाव झालं असतं आणि आमची चूल विझली असती." त्यांनी मला दाबून बसवलं याचा मला राग आला होता, खरं सांगते. भित्रेपणा वाटला होता. माझ्या धाडसाची किंमत दुसऱ्याच्या घरातून जाते, हे मानायला मला पुष्कळ दिवस लागले.

अन्यायाविरुद्ध लिहायचं मी सोडलेलं नाही, आणि बाजाराबद्दलचं माझं मतही तेच आहे. आता सगळ्या बायका बसतात, बोलतात, आणि त्यांनी हो म्हटलं तेवढंच मी लिहिते. भीतीही गेलेली नाही. जिन्यावर बूट वाजले की अजून मी आधी हातातले कागद सतरंजीखाली सारते. पण पूर्वी मी 'जगातल्या गरिबांसाठी' अशी प्रार्थना करायचे, ती आता करवत नाही. मी एकेकीचं नाव घेते. शेवटी एका बाईपाशी येते, जिचं नाव मला ठाऊक नाही. तिथे मी गप्प राहते, आणि प्रभूला ते नाव ठाऊक आहे, एवढ्यावर सोडून देते.