मागच्या खोलीतला रेडिएटर

आई आमच्याकडे इंग्लंडला आल्यापासून मागच्या खोलीत शाल पांघरूनच बसायची. थंडी वाजते म्हणाली, की मी खाली जाऊन घर तापवणाऱ्या बॉयलरच्या दाबाचा काटा पाहून येई. “दाब दीड आहे आई, अगदी हवा तेवढा. इथली थंडीच तशी.”

आज तिची उशी उचलताना भिंतीवरच्या, गरम पाण्याने खोली तापवणाऱ्या रेडिएटरला हात लागला. खाली कोमट, वर थंडगार. आत हवा अडकली होती. हवा सोडायची चावी फिरवली, तर फुसफुस कितीतरी वेळ थांबेना. काट्यासाठी मी रोज जिना उतरलो. इथे हात लावून एकदाही पाहिलं नव्हतं. हवा गेल्याने दाब उतरला होता; खाली बॉयलरमध्ये पाणी भरून तो पुन्हा दीडवर आणला आणि वर आलो.

थोड्या वेळाने आईने रेडिएटरवर तळवा टेकवला. “अगबाई, एवढा तापतो होय हा!”

“मग हा नीट तापत नाही, असं बोलली का नाहीस?”

“मला वाटलं, पाहुण्यांच्या खोलीत इतकंच तापवत असाल.”